वरची आच

विजेचा ओव्हन मध्यमवर्गीय स्वयंपाकघरात आल्यापासून जे परदेशी पदार्थ आपल्या घरांत रुळू पाहत आहेत, त्यांत 'चिकन पॉट पाय' हा एक आहे. नावाने मराठी वाचकाची प्रथम फसगतच होते. कोंबडीची तंगडी येणार अशा समजुतीने तो ताटाकडे पाहतो, आणि पुढ्यात येते ते खोल भांड्यातील दाट कालवण, वर खुसखुशीत पारीचे झाकण घातलेले. या पदार्थाविषयी आपल्याकडे दोन मते ऐकू येतात. हे परक्यांचे खाणे असून आपल्या चुलीशी त्याचे काही नाते नाही, हे एक. आणि हे नव्या काळाचे खाणे असल्यामुळे ते शिकून घेतलेच पाहिजे, हे दुसरे. आम्हांस ही दोन्ही मते उथळ वाटतात. ज्या तत्त्वावर हा पदार्थ उभा आहे ते तत्त्व सुरतेच्या परिसरास शेकडो वर्षांपासून ठाऊक आहे, आणि आपणच ते मधल्या काळात हातचे घालविले, असे आमचे मत आहे. ते तत्त्व म्हणजे बंद भांडे आणि त्याच्या झाकणावर दिलेली आच.

प्रथम पदार्थ कसा होतो ते पाहू. अर्धा किलो बिनहाडाची कोंबडी थोड्या पाण्यात शिजवून ते पाणी राखून ठेवावे. 50 ग्रॅम लोण्यात एक मोठा कांदा व दोन गाजरे बारीक चिरून मंद परतावीत, आणि लोण्याइतकाच मैदा त्यात घालावा. मैद्याचा कच्चेपणा गेला की राखलेले पाणी व दूध मिळून अर्धा लिटर होईल एवढे हळूहळू ओतीत ढवळावे. रस दाट झाल्यावर कोंबडीचे तुकडे, मूठभर मटार, मीठ व मिरपूड घालून सारण निवू द्यावे. पारीसाठी 250 ग्रॅम मैद्यात 125 ग्रॅम थंड लोणी बोटांच्या टोकांनी चोळावे आणि थंड पाण्याने जेमतेम गोळा जमवावा. कणकेसारखा तो मळू नये. ही पारी लाटून भांड्याच्या काठाला दाबून बसवावी, मध्ये दोन-तीन चिरा द्याव्या आणि 200 अंश सेल्सिअस उष्णतेवर पस्तीस ते चाळीस मिनिटे भाजावे.

कृती एवढीच, परंतु तिचे मर्म सारणात नसून पारीत आहे. या पारीकडून दोन परस्परविरोधी कामांची अपेक्षा असते. खालच्या अंगाने तिने वाफ कोंडून ठेवावी आणि वरच्या अंगाने स्वतः कोरडी, पापुद्र्याची व्हावी. सारण गरम असतानाच पारी घातली तर तिच्यातील लोणी भाजणीपूर्वी वितळते आणि पापुद्रे सुटत नाहीत. चिरा दिल्या नाहीत तर वाफ वाट फोडून काठावरून रस बाहेर काढते, आणि जास्त दिल्या तर सारण आटते. पाश्चात्यांकडे या पारीचा इतिहासही बोधप्रद आहे. मध्ययुगीन युरोपात पीठ व पाणी यांचे जाड कवच हे प्रामुख्याने भांडे म्हणूनच वापरले जाई. आतील मांस खावे आणि कवच बाजूस सारावे, असाही रिवाज होता. कवच स्वतः रुचकर असावे, ही अपेक्षा पुढे वाढली. अमेरिकेत पेनसिल्व्हेनियातील जर्मन वंशाच्या लोकांकडे तर याच नावाचा पदार्थ पारीवाचून होतो. रश्शात पिठाचे चौकोनी तुकडे शिजविले की झाले. ज्या पदार्थाचे स्वरूप त्याच्या स्वतःच्या देशात एक नाही, त्याचे शुद्ध रूप आपण जपावे असा आग्रह धरण्यात काही अर्थ नाही. पाहावयाचे ते त्यातील तत्त्व.

आता सुरतेकडे वळू. जॉन ओव्हिंग्टन हा इंग्रज धर्मोपदेशक सतराव्या शतकाच्या अखेरीस सुरतेस होता. त्याचे प्रवासवर्णन 1696 मध्ये प्रसिद्ध झाले. कंपनीच्या वखारीतील भोजनाविषयी लिहिताना तेथे इंग्रज, पोर्तुगीज व हिंदी असे तीन जातींचे आचारी ठेवलेले असत, असे तो सांगतो. त्याच वर्णनात लहान भांड्यात लोण्यावर शिजविलेल्या, बेदाणे व बदाम भरलेल्या कोंबडीचा उल्लेख आहे, आणि तिला त्याने जे नाव दिले आहे ते 'दमपुख्त' या शब्दाचे इंग्रजी वळण होय. हा शब्द अबुल फजलाच्या 'आईन-इ-अकबरी'तील पदार्थांच्या यादीतही आढळतो. दम देण्याची रीत वाचकांच्या परिचयाची आहे. भांड्याचे तोंड कणकेने लिंपावयाचे, खाली मंद आच ठेवावयाची आणि झाकणावर निखारे पसरावयाचे. कोंबडी, लोणी, भांडे, कणकेने केलेला बंदोबस्त आणि वरून आच, ही सर्व सामग्री येथे जमलेली आहे. फरक एवढाच, की आपल्याकडे ती कणीक केवळ लिंपण राहिली आणि तिकडे ती पक्वान्नाचा भाग झाली. इंग्रजांनी सुरतेत आपला पाय शिकविला किंवा सुरतेने त्यांना शिकविला, असे आम्ही म्हणत नाही. एकाच गरजेतून दोन्हीकडे एकच युक्ती निघाली, एवढेच आमचे म्हणणे.

वखारीच्या मेजवानीचे राहू द्या. शेतकऱ्याच्या बांधावरही हीच युक्ती आहे. पलसाणा हा सुरत जिल्ह्यातील तालुका उसाचा, आणि आता कापडाच्या गिरण्यांचाही. थंडीत चलथाणच्या साखर कारखान्याचे गाळप चालू असते, ऊसतोडीसाठी डांग व खानदेशातील माणसे या भागात उतरलेली असतात, आणि त्याच दिवसांत दक्षिण गुजरातेत पापडीच्या शेंगा भरतात. पलसाण्याहून महामार्गाने नवसारी-वलसाडकडे गेल्यास या ऋतूत कडेला उंबाडियूचे माठ दिसू लागतात. पापडी, कंद, रताळी व बटाटे यांना हिरवी मिरची, लसणीची पात व आंबेहळद यांचा मसाला लावून ते माठात भरावयाचे, कलार व कंबोई या रानपाल्यांनी तोंड बंद करावयाचे, माठ उपडा ठेवावयाचा आणि भोवती व वर गोवऱ्या, पालापाचोळा पेटवावयाचा. आत पाण्याचा थेंब नाही. भाज्यांचा आपला ओलावा व पाल्याचा वास एवढ्यावरच सारे शिजते. आपल्या रायगड जिल्ह्यातील पोपटी हे याचेच भावंड. तेथे भांबुर्ड्याचा पाला, वालाच्या शेंगा, ओवा व मीठ असते, आणि ज्यांना चालते त्यांच्या मडक्यात अंडी व पानात गुंडाळलेली कोंबडीही असते. गोमंतकातील ख्रिस्ती घरांत तांदूळ, नारळ व सुरेने फुगविलेल्या पिठात कोळंबी भरून भाजलेला 'आपा द कामारांव' हाही या गोतावळ्यातलाच. पाठारे प्रभूंच्या घरचे भानोळेही पूर्वी झाकणावर निखारे ठेवून वरखाली आचेवरच तयार होत असे.

मग एवढी जुनी विद्या आपल्याला परकी का वाटू लागली? आमच्या मते याचे उत्तर रुचिपालटात नसून इंधनाच्या पालटात आहे. चुलीत व शेगडीत निखारे उरत. ते झाकणावर टाकणे हे सहज घडणारे काम होते. रॉकेलचा स्टोव्ह आला, पुढे गॅस आला. धूर गेला आणि गृहिणीचे डोळे वाचले, हे मोठेच उपकार झाले. परंतु स्टोव्ह काय किंवा गॅस काय, आच देतो ती खालूनच. वरची आच स्वयंपाकघरातून निघून गेली आणि तिच्यावर अवलंबून असलेले पदार्थ एक तर लुप्त झाले किंवा त्यांनी रूप पालटले. सुरतेचे प्रसिद्ध उंधियू पाहा. नावाचा अर्थच उपडे केलेले असा आहे. परंतु शहरातील उंधियू आता सुलट पातेल्यात, भरपूर तेलावर शिजते. ते चविष्ट असते यात संशय नाही; तथापि नाव एका क्रियेचे आणि पाक दुसऱ्याच क्रियेचा, अशी ही अवस्था आहे.

आपल्या पाकग्रंथांचे परीक्षण याच कसोटीवर करावेसे वाटते. रामचंद्र सखाराम गुप्ते यांचे 'सूपशास्त्र' 1875 चे, लक्ष्मीबाई धुरंधर यांचे 'गृहिणी-मित्र अथवा हजार पाकक्रिया' 1910 चे. सारस्वत महिला समाजाची 'रसचंद्रिका' मराठीत 1943 मध्ये आली आणि कमलाबाई ओगले यांची 'रुचिरा' 1970 मध्ये. या मालिकेने मराठी गृहिणीवर केलेले उपकार मोठे आहेत. विशेषतः 'रुचिरा'ने वाटी व चमचा ही घरचीच मापे दिल्यामुळे आईपासून दूर संसार थाटणाऱ्या मुलींना आधार मिळाला. परंतु माप कागदावर जितके नेमके उतरते तितकी आच उतरत नाही. 'मंदाग्नीवर ठेवावे' एवढ्या दोन शब्दांत पाकग्रंथकार जे सांगतात, त्यात आच कोणत्या बाजूने, किती वेळ आणि झाकण कितपत घट्ट, हे तीनही प्रश्न अनुत्तरित राहतात. जुन्या काळी त्यांची उत्तरे सासूबाई देत. आज शिकवणारे माणूस शेजारी नसते, आणि पुस्तकावर ती जबाबदारी येऊन पडली आहे. नव्या पाकग्रंथकारांनी पॉट पायसारखे पदार्थ देताना नुसते अंश व मिनिटे उतरवून न घेता, झाकण हे काम का करते हे एका परिच्छेदात सांगितले, तर वाचणारी मुलगी त्याच ज्ञानावर आजीचे भानोळेही पुन्हा उभे करू शकेल. आमची मागणी एवढीच आहे.

आमच्या वाचकांत देवस्थानांच्या परंपरेत वाढलेली कुटुंबे पुष्कळ आहेत, तेव्हा कोंबडीचा प्रश्न टाळून चालणार नाही. मनुस्मृतीच्या पाचव्या अध्यायात गावकोंबडा अभक्ष्य सांगितला आहे, आणि त्याच श्लोकात लसूण व कांदाही अभक्ष्य म्हणून सांगितले आहेत. यांपैकी काय पाळावयाचे आणि काय सोडावयाचे, याचा निर्णय प्रत्येक घराने आपल्या कुलाचारानुसार केलेला आहे. मासळी चालते पण कोंबडी नाही, अशी सारस्वत घरे होती. सोमवारी व एकादशीला शिवराक आणि इतर दिवशी नुस्ते, असा क्रम आजही अनेक घरी आहे. ज्यांच्या घरी कोंबडी येत नाही त्यांनी ती आणावी, असे सांगण्याचा आमचा मुळीच हेतू नाही. आम्हांस चिंता वाटते ती निराळ्या गोष्टीची. एकाच घरात आजी शिवराक, मुले मांसाहारी, आणि प्रत्येकाचे ताट निराळ्या वेळी, निराळ्या खोलीत, असे चित्र वाढत आहे. आहारभेद पूर्वीही होताच. परंतु पोपटीच्या रात्री एक मडके कोंबडीचे आणि एक केवळ शेंगांचे अशी दोन मडकी लावता येतात, आणि माणसे एकाच शेकोटीभोवती बसतात. भेद भांड्यात राहतो, बैठकीत येत नाही.

पॉट पाय हा पदार्थ या दृष्टीने आपल्या उपयोगाचा आहे, कारण त्याची पारी मैदा, लोणी व पाणी एवढ्याचीच असल्यामुळे ती सर्वांची एक असू शकते. एका भांड्यात कोंबडी घालावी. दुसऱ्यात पापडीचे दाणे, हिरवी तूर, कंद व रताळे, आधी वाफवून, त्याच दुधाच्या दाट रसात घालावे. त्यासाठी रस अर्थातच भाज्यांच्या पाण्यावर निराळा करावा आणि ज्यांस वर्ज्य त्यांच्यासाठी कांदा गाळावा. शिवराक भांडे प्रथम भाजून काढावे, म्हणजे कोणाच्याही नेमास बाध येत नाही. ओव्हन नसल्यास हताश होण्याचे कारण नाही. अंगणात शेगडीवर जाड बुडाचे पातेले ठेवून त्यात तापलेल्या वाळूवर भांडे बसवावे, वर लोखंडी तवा झाकून त्यावर निखारे पसरावे. रंग चढण्यास वेळ लागेल, परंतु चढेल. बंद खोलीत मात्र निखारे वापरू नयेत. त्यांचा वायू घातक असतो.

शेवटी एक इशारा. अमेरिकेत 1951 मध्ये स्वॅन्सन कंपनीने गोठविलेले पॉट पाय बाजारात आणले, आणि जो पदार्थ घराने एकत्र बसून फोडावयाचा तो एकेकट्याने तापवून खाण्याचा झाला. पुढे आलेल्या मायक्रोवेव्हने तो तापविला तर सारण कढत होते, पण पारी मऊ पडते. वरची आच त्या यंत्रातही नाही. आपल्याकडे उंबाडियू रस्त्यावर वजनावर विकत मिळते, पोपटी सहलीच्या पाकिटात मिळते. विकणाऱ्यांचा त्यात दोष नाही. त्यांनी निदान विद्या जिवंत ठेवली आहे. परंतु घरातून ती गेली तर तिच्याबरोबर एक सवयही जाईल: चार माणसांनी भुकेल्या पोटी वाट पाहत बसावे, झाकण सर्वांसमोर फुटावे आणि पहिली वाफ सर्वांच्या वाट्याला यावी. चिकन पॉट पायने थंडीच्या रात्री एखाद्या घरी ही सवय पुन्हा लावली, तर त्याचे नाव कितीही परके असले तरी आम्ही त्याचे स्वागतच करू.