राक्षसाला मेंदू कुणी दिला?

विज्ञानपटातल्या भयाविषयी आपल्याकडचे समीक्षक लिहितात ते रंगभूषेवर, छायाप्रकाशावर. हे भय कुणाचे आणि कुणाविषयीचे, हा प्रश्न त्यांना पडत नाही. पुण्याच्या चित्रपट संग्रहालयात जेम्स व्हेलचा ‘फ्रँकेन्स्टाइन’ (१९३१) पाहताना मला तोच पडला.

मेरी शेलीच्या १८१८ च्या कादंबरीतला हा जीव बोलतो. खोपटात लपून, भिंतीच्या फटीतून शेजारच्या घरातला धडा ऐकत तो भाषा शिकतो. त्या घरातला आंधळा म्हातारा त्याच्याशी माणसासारखा वागतो. डोळस मुलगा येतो आणि त्याला झोडपतो. पुढे तो खून करतो, हेही कादंबरी लपवत नाही. पण का करतो, ते त्याच्याच तोंडून सांगते.

चित्रपटाने आधी त्याची वाचा काढून घेतली. श्रेयनामावलीतही सुरुवातीला त्याच्या नटाच्या जागी नुसते प्रश्नचिन्ह आहे! मग कादंबरीत नसलेली एक बरणी आणली: नोकर चुकून गुन्हेगाराचा मेंदू चोरतो आणि तोच याच्या डोक्यात बसवला जातो. म्हणजे दोष वागवणाऱ्यांचा उरला नाही, जन्माचा झाला. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने आपल्या कितीतरी जमातींच्या डोक्यात हीच बरणी रिकामी केली होती. तो रद्द व्हायला १९५२ साल उजाडले; पोलिसांच्या मनातून तो अजून गेलेला नाही.

तरीही व्हेलच्या हातून एक खरा प्रसंग निसटला आहे. तळ्याकाठची लहान मुलगी त्याचा हात धरते, त्याला फुले देते. ती तिला शिवू नये असे कुणी शिकवलेले नाही. फुले तरंगतात तशी तीही तरंगेल, या समजुतीने तो तिला पाण्यात टाकतो आणि ती बुडाल्यावर भेदरून पळतो. सेन्सॉरने नेमका हा भाग कापला. त्याचे हात तिच्याकडे जातात, आणि पुढे थेट बापाच्या हातातले प्रेत. मधे काय घडले, ते प्रेक्षकाने आपल्या संस्कारांप्रमाणे भरून घ्यायचे. तो तुकडा परत जोडायला १९८० चे दशक यावे लागले.

मग मशाली, कुत्री, पेटवलेली पवनचक्की. आत तो किंचाळत असतो. माझ्या मागच्या रांगेत कुणीतरी हसले. १९७८ साली, नामांतराच्या ठरावानंतर, मराठवाड्यात आमच्या वस्त्या पेटल्या होत्या. मला पडद्याकडे बघवेना.