मेसिएची यादी वाचताना

फ्रेंच खगोलज्ञ शार्ल मेसिए याच्या आकाशस्थ वस्तूंच्या यादीतली तेरावी नोंद शौरी तारकासमूहातल्या एका अंधूक ठिपक्याची आहे. तारीख १ जून १७६४. ठिपका गोल आहे, मधला भाग कडांपेक्षा उजळ आहे, एक फूट लांबीच्या दुर्बिणीतूनही तो दिसतो, एवढे मेसिए सांगतो. त्यात एकही तारा नाही, याची आपल्याला खात्री असल्याचेही बजावतो. आज आपल्याला माहीत आहे की तो ठिपका म्हणजे काही लाख ताऱ्यांचा बंदिस्त तारकागुच्छ आहे.

आता सत्तावन्नावी नोंद पाहा. स्वरमंडळातला हा तेजोमेघ त्याला १७७९ सालच्या धूमकेतूचा माग काढताना सापडला, कारण धूमकेतू त्याच्या अगदी शेजारून गेला. इथे मेसिए लिहितो की हा प्रकाशाचा पुंजका बारीक ताऱ्यांचाच असावा, मात्र उत्तम दुर्बिणीतूनही ते वेगळे दिसत नाहीत, तेव्हा ही शंकाच समजावी. प्रत्यक्षात तो पुंजका ताऱ्यांचा नाही. मरणपंथाला लागलेल्या एका ताऱ्याने बाहेर टाकलेल्या वायूचे ते कवच आहे. असे तेजोमेघ वायूचे असतात हे विल्यम हगिन्सने १८६४ मध्ये वर्णपट तपासून दाखवले.

म्हणजे जिथे लाखो तारे होते तिथे त्याने एकही नाही म्हटले, आणि जिथे नव्हते तिथे असावेत म्हटले. या दोन नोंदी शेजारी ठेवून वाचल्या की ही यादी नुसती यादी राहत नाही, मजकूर म्हणून बोलू लागते. मला सत्तावन्नावी नोंद अधिक मोलाची वाटते. तिथे डोळ्याला काय दिसले आणि मनाने काय ताडले यांच्यामध्ये त्याने स्पष्ट रेघ ओढली आहे. तेराव्या नोंदीतली खात्री त्याच्या लहान दुर्बिणीच्या मर्यादेतली होती. तिच्यावर भरवसा ठेवणाऱ्या माणसाने पंधरा वर्षांनी ‘शंका’ लिहावी, ही त्याच्या नजरेची वाढ आहे.

यादीचा जन्म मात्र वेगळ्याच गरजेतून झाला. पॅरिसमधल्या ओतेल द क्लुनीच्या मनोऱ्यावरच्या वेधशाळेत, दलील या ज्येष्ठ खगोलज्ञाच्या हाताखाली मेसिए काम करत असे. त्याचा ध्यास धूमकेतूंचा. ऑगस्ट १७५८ मध्ये एका धूमकेतूचा पाठलाग चालू असताना वृषभाच्या दक्षिणेकडच्या शिंगापाशी त्याला एक पांढुरका, ज्योतीसारखा लांबट डाग दिसला. धूमकेतू रात्रीगणिक सरकतो. हा डाग जागचा हलेना. १२ सप्टेंबरला त्याने त्याची जागा मोजली, आणि तो यादीचा पहिला क्रमांक ठरला. इंग्लंडच्या जॉन बेव्हिसला तो १७३१ मध्येच सापडला होता. हे कळल्यावर मेसिएने ते श्रेय बेव्हिसला दिले. पुढे हाच डाग खेकडा तेजोमेघ म्हणून प्रसिद्ध झाला. इ. स. १०५४ मध्ये चिनी निरीक्षकांनी ज्या ताऱ्याचा स्फोट पाहिला, त्याचे ते अवशेष.

तेव्हा ही यादी ज्यांच्याकडे धूमकेतू समजून पाहू नये, अशा वस्तूंची होती. पहिल्या ४५ नोंदी १७७१ मध्ये फ्रेंच विज्ञान अकादमीपुढे ठेवल्या गेल्या, आणि १७८१ पर्यंत त्या १०३ झाल्या. मांडणी कोरडी आहे: तारीख, क्रमांक, आकाशातली जागा, दिसणारा व्यास, आणि शेजारी चार ओळींची टीप. विशेषणे थोडी. त्यामुळे देवयानी तारकासमूहातल्या एकतिसाव्या वस्तूला तो सुंदर म्हणतो तेव्हा तो शब्द लक्षात राहतो. सूत कातायच्या चातीचा आकार, पायाला पाया लावून ठेवलेले दोन प्रकाशाचे शंकू, आणि निरनिराळ्या दुर्बिणींतून पाहूनही तारा न दिसल्याची कबुली, असे ते वर्णन आहे. २५ लाख प्रकाशवर्षांवरच्या दीर्घिकेकडे आपण पाहतो आहोत याची कल्पना त्याला नव्हती, आणि तरी कललेल्या चकतीचे ते चित्र आजच्या छायाचित्राशी जुळते.

चाळिसावी नोंद अनेकांना फालतू वाटते. मला ती यादीतली सर्वांत प्रामाणिक नोंद वाटते. सप्तर्षींच्या भागात जुन्या नोंदींनुसार एक तेजोमेघ असायला हवा होता. मेसिएने शोधला, तर तिथे जवळजवळ असलेले दोन बारीक तारे निघाले. हेव्हेलियस या आधीच्या खगोलज्ञाने यांनाच तेजोमेघ मानले असावे, असा तर्क तो मांडतो, आणि तरीही त्या दोन ताऱ्यांना क्रमांक देतो. नंतरच्या माणसाने तिथे पुन्हा वेळ घालवू नये म्हणून हे लिहून ठेवणे त्याला गरजेचे वाटले असावे.

यादीचा कळस एक्क्याण्णवाव्या नोंदीत आहे. १८ मार्च १७८१ च्या एका रात्रीत मेसिएने आठ तेजोमेघ नोंदवले. सगळे कन्या राशीत आणि तिच्या उत्तरेला. तिथवर एका वस्तूपाठोपाठ दुसरी लिहीत आलेला हा माणूस या नोंदीपाशी क्षणभर थांबतो आणि सांगतो की कन्या राशीत, विशेषतः तिच्या उत्तरेकडच्या पंखात, तेजोमेघांची फार गर्दी आहे. मग आधीचे क्रमांक एकत्र मोजून दाखवतो. आज ज्याला आपण कन्या दीर्घिकासमूह म्हणतो, सुमारे साडेपाच कोटी प्रकाशवर्षांवरचा तो प्रचंड समूह इथे पहिल्यांदा ‘समूह’ म्हणून कागदावर आला. दीर्घिका ही कल्पना पक्की होण्याआधी जवळजवळ दीडशे वर्षे! क्रमांकाने एकेक वस्तू लिहिण्याची शिस्त नसती तर ही गर्दी जाणवलीच नसती. आणि खुद्द एक्क्याण्णवाव्या वस्तूची जागा मात्र त्याने चुकीची लिहिली. मोजताना शेजारच्या दोन वस्तूंची गल्लत झाली. टेक्सासच्या एका हौशी निरीक्षकाने १९६९ मध्ये ते कोडे सोडवले.

१७८१ च्याच नोव्हेंबरमध्ये मेसिए बर्फ साठवण्याच्या तळघरात पडला, हाडे मोडली, आणि वर्षभर तो दुर्बिणीपासून दूर राहिला. दरम्यान यादीची प्रत खगोलज्ञ विल्यम हर्शलच्या हाती पडली. हर्शलच्या मोठ्या आरशांनी मेसिएला ताराविरहित वाटलेले कितीतरी ठिपके ताऱ्यांत फोडून दाखवले. त्याने आणि बहीण कॅरोलिनने मिळून पुढे सुमारे २५०० वस्तूंची नोंद केली. ड्रायर या खगोलज्ञाच्या १८८८ च्या यादीत तर ७८४० वस्तू आहेत. मेसिएने हर्शलचा गौरव केला, आणि आपला हेतू निराळा असल्याचेही लिहिले. लहान दुर्बिणीतून दिसणाऱ्या आणि धूमकेतूचा भास करणाऱ्या वस्तू सांगणे, एवढेच त्याचे काम. त्याच्या या भूमिकेत मला कुठेच कडवटपणा दिसत नाही.

या मर्यादेमुळेच त्याची यादी आज हौशी माणसाच्या हातात आहे. पुढच्या अभ्यासकांनी ती ११० पर्यंत नेली. मार्चअखेरच्या अमावास्येच्या सुमारास महाराष्ट्रातले आकाशनिरीक्षकही शहरापासून दूर जाऊन एका रात्रीत जवळजवळ ती सगळी पाहण्याचा प्रयत्न करतात. त्यात जरूर सामील व्हा. पण एखाद्या रात्री पाचच वस्तू निवडा. मेसिएची टीप आधी वाचा, मग दुर्बिणीला डोळा लावा, आणि वहीत तारीख टाकून तुम्हाला काय दिसले ते लिहा.