नग्नतावादी नियतकालिके आणि बदलती देहदृष्टी

प्रस्तावना

लैंगिक हेतू न ठेवता इतरांसोबत निर्वस्त्र राहण्याच्या जीवनरीतीला नॅचरिझम किंवा नग्नतावाद म्हणतात. साहित्यातील निसर्गवादाशी तिची गल्लत करू नये. विसाव्या शतकात या चळवळीच्या प्रसाराचे एक मुख्य साधन नियतकालिके हे होते. त्यांच्या मूल्यमापनासाठी प्रस्तुत घटकात एकच कसोटी लावली आहे: मजकूर जे सांगतो, ते छायाचित्र पाळते का?

विवेचन

ब्रिटनमधील ‘हेल्थ अँड एफिशियन्सी’ची परंपरा १९०० पासूनची. अमेरिकेत १९३३ मध्ये ‘द न्यूडिस्ट’ निघाले व पुढे ते ‘सनशाइन अँड हेल्थ’ झाले. देहात लाजण्यासारखे काही नाही, असे त्यांतील लेख सांगत. पण कायद्याच्या धाकाने छायाचित्रांतील जननेंद्रिये बराच काळ झाकली किंवा रंगकुंचल्याने पुसली जात. लेखाने नाकारलेली लाज त्या पुसलेल्या जागेने परत आणली.

१९५८ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने टपाल खात्याविरुद्ध ‘सनशाइन अँड हेल्थ’च्या बाजूने निर्णय दिला. कायद्याचा धाक ओसरला, तसे बाजाराचे दडपण वाढले. मुखपृष्ठावर बहुधा तरुण, सडपातळ, गोरी स्त्री आली. नग्नतावादी शिबिरांत दिसणारी सुरकुतलेली कातडी आणि सुटलेली पोटे मागे पडली. ही दुसरी पुसापुशी होती. तिला कुंचला लागला नाही, संपादकाची निवड पुरली.

मराठीत र. धों. कर्वे यांच्या ‘समाजस्वास्थ्य’ने (१९२७–१९५३) नग्नता म्हणजे अश्लीलता नव्हे, ही भूमिका घेतली आणि मुखपृष्ठांवर नग्न स्त्रीचित्रे छापली. त्यासाठी कर्व्यांनी समाजाचा रोष पत्करला. लैंगिक विषयांवरील मजकुरामुळे अश्लीलतेचे खटले सोसले. १९३४ च्या खटल्यात डॉ. बाबासाहेब आंबेडकर त्यांचे वकील होते. हे धैर्य मान्य करूनही एक प्रश्न उरतो. विचार सर्वांच्या देहाविषयी असताना चित्र मात्र सुडौल स्त्रीदेहाचेच का?

आज ‘बॉडी पॉझिटिव्हिटी’ हा शब्द रूढ झाला आहे. वृद्ध, स्थूल, शस्त्रक्रियेचे व्रण असलेले देह नग्नतावादी प्रकाशनांत अधिक मोकळेपणाने दिसू लागले आहेत. या बदलाला काळाशी जुळवून घेणे म्हटले जाते. ते पूर्ण खरे नाही. सर्व देह सारखे, हे या चळवळीचेच जुने वचन आहे. ते उशिरा पाळले जात आहे, एवढेच. शिवाय आता नवी अडचण आहे. छापलेले चित्र क्षणात मोबाइलवरून जगभर जाते. त्यामुळे सामान्य माणूस छायाचित्राला सहज संमती देत नाही आणि संपादक पुन्हा सरावलेल्या मॉडेलकडे वळण्याची शक्यता राहते.

निष्कर्ष

नग्नतावादी नियतकालिकाची प्रामाणिकता किती उघडे छापले यावरून ठरत नाही. कोणाला वगळले, यावरून ती ठरते.

स्वाध्याय

१. ‘पहिली’ आणि ‘दुसरी’ पुसापुशी यांतील फरक स्पष्ट करा.
२. वरील कसोटी एखाद्या आरोग्यविषयक मराठी मासिकाच्या मुखपृष्ठाला लावून पाहा.