वाशिष्ठीचे खोरे आणि 'इंधन'

हमीद दलवाई यांची 'इंधन' ही कादंबरी १९६५ साली प्रसिद्ध झाली. दिलीप चित्रे यांनी तिचा इंग्रजी अनुवाद केला आणि ती महाराष्ट्राबाहेर पोचली. तरीही मुस्लिम मराठी वाचकाने तिच्याकडे कादंबरी म्हणून किती पाहिले, हा प्रश्न शिल्लक राहतोच. दलवाईंचे नाव निघाले की आपल्याला १९६६ चा सात महिलांचा मोर्चा आठवतो, १९७० साली स्थापन झालेले मुस्लिम सत्यशोधक मंडळ आठवते आणि वाद सुरू होतो. त्यांचे समर्थक 'इंधन' पुराव्यासारखी वाचतात. विरोधक ती न वाचताच बाजूला ठेवतात. दोघांच्याही हातून कादंबरीतले गाव निसटते, आणि ते गाव ज्या खोऱ्यात वसले आहे ते खोरेही निसटते. प्रस्तुत लेखात या खोऱ्याच्या बाजूने कादंबरीकडे पाहायचे आहे.

दलवाई चिपळूणजवळच्या मिरजोळीचे. सह्याद्रीत उगम पावणारी वाशिष्ठी चिपळूणवरून वाहत दाभोळला समुद्राला मिळते. भरतीचे पाणी गोवळकोटपर्यंत आत येते. म्हणजे या खोऱ्यात दोन वाटांनी माणसे आली. घाटावरून मुलूख सांभाळणारे आले, खाडीतून व्यापारी आणि खलाशी आले. दाभोळ हे बहमनी आणि पुढे आदिलशाही अमलातले मोठे बंदर होते. रशियन प्रवासी अफनासी निकितिन पंधराव्या शतकात येथूनच परतीच्या प्रवासाला निघाला. १५०८ साली पोर्तुगिजांनी हे शहर जाळले, पण ते पुन्हा उभे राहिले. सतराव्या शतकातली तिथली शाही मशीद आजही त्या वैभवाची साक्ष देते. पुढे बंदराचे महत्त्व ओसरले आणि खाडीपट्ट्यातला मुसलमान अधिकाधिक जमिनीकडे आणि मुंबईच्या गोदीकडे व जहाजांकडे वळला.

त्याची आडनावे पाहिली तरी हा प्रवास दिसतो. खोत, सरखोत, मुकादम, देसाई ही महसुली हुद्द्यांची नावे आहेत. दाभोळकर, चिपळूणकर ही गावांची. त्यांत हिंदू कोणाचे आणि मुसलमान कोणाचे हे नुसत्या नावावरून सांगता येत नाही. रत्नागिरी जिल्ह्यात खोत ब्राह्मण होते, मराठा होते, तसे मुसलमानही होते. खोत आणि कुळ हे नाते धर्माच्या रेषेवर उभे नव्हते. मात्र ज्या गावी खोत मुसलमान आणि कुळ कुळवाडी, तिथे जमिनीचे भांडण धर्माचे भांडण म्हणून बोलले जाण्याची सोय आपोआप झाली होती.

'इंधन'चे मर्म इथे आहे. मुंबईत बरीच वर्षे काढलेला, राजकारणात मुरलेला आणि आजारी पडलेला निवेदक विश्रांतीसाठी गावी येतो. गावात मुसलमान आहेत, कुळवाडी आहेत, नुकताच बौद्ध धम्म स्वीकारलेला समाज आहे. हळूहळू गाव पेटते. हे कोणत्या काळातले गाव आहे याकडे समीक्षेने फारसे लक्ष दिलेले नाही. खोती निर्मूलनाचा कायदा १९४९ चा. कूळकायद्याच्या दुरुस्तीने १ एप्रिल १९५७ हा 'कृषक दिन' आला आणि कसणारा मालक ठरू लागला. १९५६ चे धर्मांतर त्याच सुमाराचे. कालपर्यंत जो वाकून उभा राहत होता तो ताठ उभा राहू लागला आणि ज्याच्यापुढे तो वाकत होता त्याच्या हातातून जमीन जाऊ लागली. या घडामोडी बाजूला ठेवून 'इंधन' वाचली की ती फक्त हिंदू-मुस्लिम दंगलीची गोष्ट उरते. खुद्द दलवाईंनी शीर्षकातच ठिणगीला नव्हे, साठलेल्या सरपणाला महत्त्व दिले आहे.

श्री. ना. पेंडसे यांची 'एल्गार' (१९४९) शेजारी ठेवली तर हा फरक अधिक स्पष्ट होतो. तिथे नौखालीच्या दंगलीचे पडसाद हर्णैच्या किनाऱ्यावर उमटतात. म्हणजे विष बाहेरून येते आणि पिढ्यान्पिढ्या शेजारी राहिलेली माणसे दुरावतात. ही मांडणी सहृदय आहे, पण तीत गाव मुळात निरोगी धरलेले आहे. दलवाई तेवढी सवलत देत नाहीत. त्यांच्या लेखी गावातल्या सलोख्यातच अन्याय मुरलेला होता. मुस्लिम लेखकाने आपल्याच समाजातल्या जमीनदारी अहंकाराकडे असे पाहावे, हे धाडस मराठी कादंबरीत तरी आधी दिसत नाही.

पण कादंबरीच्या मर्यादाही सांगितल्या पाहिजेत. निवेदक अश्रद्ध आहे आणि गावापासून तुटलेला आहे. मशीद, उरूस, मोहल्ल्यातल्या रीती त्याला बाहेरून दिसतात; साध्या माणसाला त्यांचा जो आधार वाटतो तो त्याच्या नजरेच्या टप्प्यात येत नाही. घरचा पुरुष बोटीवर किंवा मुंबईत असताना घर, शेत आणि सोयरीक सांभाळणारी बाई हा या खोऱ्याचा कणा आहे. तिच्या वाट्याला कादंबरीत तिचे स्वतःचे बोलणे कमी आले आहे. सुधारकाची घाई इथे कादंबरीकाराच्या आड येते, असे म्हणावे लागेल.

दलवाई १९७७ साली गेले. खोरे मात्र बदलतच राहिले. १९६२ पासून कोयनेचे पाणी वीज निर्माण करून पोफळीहून वाशिष्ठीत उतरते. घाटापलीकडच्या, कृष्णेच्या खोऱ्यातले पाणी आज या नदीतून वाहते. १९६७ चा भूकंप झाला. सत्तरच्या दशकानंतर आखाताच्या पैशाने वाडीवाडीत स्लॅबची घरे उभी राहिली, कुळ आणि खोत हा हिशोब मागे पडला आणि नवी प्रतिष्ठा आली. लोटे परशुरामची रासायनिक कारखानदारी आली आणि खाडीतल्या मासळीवर जगणाऱ्यांचे जगणे अवघड झाले. १९९८ साली कोकण रेल्वे सुरू झाली. २००५ आणि २०२१ च्या जुलैमध्ये चिपळूण पाण्याखाली गेले. त्यानंतर शहराने एकजुटीने मागणी केली ती नदीतला गाळ काढण्याची.

या साठ वर्षांची कादंबरी कोठे आहे? १९९० साली सोलापुरात मुस्लिम मराठी साहित्य संमेलन भरले, त्यानंतर आपल्याकडे लिहिणाऱ्यांची संख्या वाढली, हे निश्चित आनंदाचे आहे. मात्र आपल्या लेखनात 'मुस्लिम समाज' हा बहुधा एकसंध येतो. त्याला नदी नसते, पीक नसते, बोली नसते. निजामी अमलातून आलेला मराठवाड्याचा मुसलमान, सोलापूरचा यंत्रमागावरचा मुसलमान आणि वाशिष्ठीकाठचा मुसलमान यांचे दुःख एकाच शब्दांत लिहिले जाते. बाहेरचे लोक आपल्याला एका साच्यात पाहतात ही आपली रास्त तक्रार आहे. तोच साचा आपणही वापरला तर ती तक्रार दुबळी होते.

म्हणून 'इंधन' पुन्हा वाचायला हवी. दलवाईंची सगळी मते पटली पाहिजेत असे नाही. आपले गाव कोणत्या पाण्याने, कोणत्या कायद्याने, कोणाच्या श्रमाने घडले हे विचारण्याची रीत त्या कादंबरीत आहे. आज दाभोळ ते चिपळूण या पट्ट्यात कोकणी मुसलमानांच्या बोलीत लिहू शकणारी तरुण मुले-मुली आहेत. दलवाईंच्या निवेदकाला जी बाई नीट ऐकू आली नाही, तिच्याकडून सुरुवात करणे त्यांना शक्य आहे.