दूरचित्रवाणीची चौकट आणि शेजार : सई परांजपे यांच्या दिग्दर्शनाचा एक विचार

सई परांजपे यांच्याविषयी मराठीत जे लेखन झाले आहे, त्यात ‘स्पर्श’, ‘चश्मेबद्दूर’ आणि ‘कथा’ या तीन चित्रपटांचाच विचार प्रामुख्याने आढळतो. दूरचित्रवाणीवरील त्यांच्या कामाचा निर्देश परिचयाच्या एखाद्या ओळीत उरकला जातो. यामागील एक कारण अगदी व्यावहारिक आहे. चित्रपट पुन्हा पाहता येतो. दूरदर्शनच्या आरंभीच्या काळातील पुष्कळ कार्यक्रम मात्र एकदा प्रक्षेपित झाले आणि विरून गेले. चित्रफीत महाग असल्याने तीच पुसून पुन्हा वापरली जाई. परंतु जे जतन झाले नाही ते महत्त्वाचे नव्हते, असा निष्कर्ष काढणे समीक्षेला परवडणारे नाही. परांजपे यांच्या बाबतीत तर चित्रपटांचे व्याकरणच दूरचित्रवाणीच्या कक्षात घडलेले दिसते.

१९३८ मध्ये जन्मलेल्या सई परांजपे या संततिनियमनाच्या पुरस्कर्त्या शकुंतला परांजपे यांच्या कन्या आणि रँग्लर र. पु. परांजपे यांची नात. त्यांचे बालपणातील काही काळ वास्तव्य ऑस्ट्रेलियात होते. वयाच्या आठव्या वर्षी ‘मुलांचा मेवा’ हे त्यांचे परीकथांचे पुस्तक प्रसिद्ध झाले. पुढे पुणे आकाशवाणी, राष्ट्रीय नाट्य विद्यालय (१९६३) आणि त्यानंतर दिल्ली दूरदर्शन असा त्यांचा प्रवास झाला. ‘द लिटल टी शॉप’ (१९७२) या त्यांच्या दूरचित्रवाणीपटास तेहरान येथे आशियाई प्रसारण संघाचा पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी मुंबई दूरदर्शन केंद्राच्या उद्घाटनाच्या कार्यक्रमाची निर्मितीही त्यांच्याकडे आली. ‘पद्मभूषण’ (२००६) आदी सन्मानांची यादी येथे वाढविण्याचे कारण नाही.

या क्रमात आकाशवाणी प्रथम येते, ही बाब दुर्लक्षिण्याजोगी नाही. ‘स्पर्श’मध्ये अंध मुख्याध्यापक अनिरुद्ध परमार वाट चुकतो आणि गाण्याच्या सुरामागून कविताच्या दारापर्यंत येतो. त्याला तिचा आवाज आधी भेटतो. पुढेही अनेक प्रसंगांत प्रेक्षकाला पाहण्याइतकेच ऐकावे लागते. दिल्लीतील अंधशाळेच्या एका प्रत्यक्ष मुख्याध्यापकांवरून हे पात्र सुचले. तरीही कणव उत्पन्न करण्याचा सोपा मार्ग दिग्दर्शिकेने टाळला आहे. मदतीचा हात पुढे आला की अनिरुद्ध दुखावतो, आणि त्याचा हा ताठा चित्रपट गुण म्हणून मिरवीत नाही.

दुसरी गोष्ट अवकाशाची. त्या काळी दूरचित्रवाणीच्या नाटकाला दोन-तीन खोल्या, मोजकी पात्रे आणि भरपूर संवाद एवढीच सामग्री उपलब्ध असे. या मर्यादेतून परांजपे यांनी ‘शेजार’ हा आपला आवडता विषय घडविला, असे म्हणता येईल. ‘चश्मेबद्दूर’ (१९८१) हा त्यांच्याच ‘धुआँ धुआँ’ या दूरदर्शन-कृतीचा विस्तार. त्यातील तीन मित्र एका खोलीत राहतात, सिगारेट वाटून ओढतात आणि थापाही एकमेकांनाच मारतात. ‘चमको’ साबणाची भुकटी विकायला आलेली नेहा सिद्धार्थसमोर प्रात्यक्षिक करून दाखविते, तो प्रसंग जाहिरातीची थट्टा करता करता प्रेमाचा आरंभ होतो. शं. गो. साठ्ये यांच्या ‘ससा आणि कासव’ या नाटकावर आधारित ‘कथा’त (१९८३) हीच खोली चाळीएवढी मोठी होते. १९८४ ची मालिका ‘अडोस पडोस’ आणि रंगभूमीवरील ‘सख्खे शेजारी’ यांची नावेच पुरेशी बोलकी आहेत.

मात्र या शेजारात एक अडचण आहे, आणि तिच्याकडे परांजपे यांचे चाहते सहसा डोळेझाक करतात. ‘कथा’तील बाशू चाळीला फसवितो, संध्याला तर अधिकच. तरीही शेवटी प्रकाशझोत राजारामच्या उदारपणावर राहतो. संध्येच्या मनात काय चालले आहे, हे जवळजवळ कळतच नाही. चाळीने तिचे भले केले, एवढ्यावर समाधान मानावे लागते. हसू जपण्यासाठी येथे किंमत स्त्रीपात्राने मोजली आहे. ‘स्पर्श’मधील कवितेला स्वतःच्या निर्णयाचे बळ देणाऱ्या दिग्दर्शिकेकडून अधिक अपेक्षा होती.

याउलट ‘दिशा’ (१९९०) या काहीशा दुर्लक्षित चित्रपटात शेजार सुखाचा नाही. गावाकडून आलेले गिरणी कामगार मुंबईतील एकाच खोलीत पाळीपाळीने झोपतात. गावात मागे राहिलेला परशुराम वर्षानुवर्षे विहीर खणत असतो. चित्रपटाची गती मधूनमधून मंदावते हे मान्य करूनही त्याचे मोल कमी होत नाही. पालघर परिसरातील महाविद्यालयांत तर तो अभ्यासक्रमाबाहेर का होईना, दाखवावयास हवा. जव्हार-मोखाड्याची कुटुंबे दिवाळीनंतर वसई-भिवंडीकडील वीटभट्ट्यांवर जातात आणि पावसाळ्याच्या तोंडावर परततात. त्याच जिल्ह्यात बोईसर-तारापूरच्या कारखान्यांसाठी परप्रांतांतून कामगार येतात आणि एका खोलीत अनेकजण राहतात. माहीम-केळव्याहून पालघर स्थानकावर येणाऱ्या विद्यार्थ्याला ‘दिशा’ची दोन्ही टोके एकाच फलाटावर दिसतात.