‘कालिया मर्दन’मधील मंदाकिनी फाळके : अभिनयाची पुनर्नोंद
मूकपटाच्या इतिहासलेखनात मंदाकिनी फाळके यांचा उल्लेख बहुधा ‘दादासाहेबांची कन्या’ एवढ्यावरच आटोपतो. ‘श्रीकृष्ण जन्म’ (१९१८) व ‘कालिया मर्दन’ (१९१९) यांतील बाळकृष्ण ही त्यांची ओळख. सुमारे सात वर्षांच्या बालिकेचे हे काम कौतुकाचा विषय झाले, समीक्षेचा झाले नाही. वस्तुतः ‘कालिया मर्दन’चा आरंभच या दृष्टीला छेद देतो. कथा सुरू होण्यापूर्वी फाळके कृष्णवेश न चढविलेला मंदाकिनींचा चेहरा पडद्यावर आणतात. त्यावर एकामागून एक भाव उमटत जातात आणि मग त्याच चेहऱ्यातून कृष्ण साकार होतो. देवदर्शनास आलेल्या प्रेक्षकाला येथे प्रथम नटी दाखविली जाते. पौराणिक पटात हे धाडस लहान नव्हे. ‘लंका दहन’मध्ये (१९१७) अण्णा साळुंके राम व सीता दोन्ही झाले, याची चर्चा आजही होते, मुलीने कृष्ण साकारल्याची मात्र (बालवय म्हणून असेल) क्वचितच होते. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने जतन केलेल्या भागात कालियाशी झुंजणाऱ्या कृष्णापेक्षा खोड्या काढणारा कृष्णच अधिक जिवंत वाटतो, आणि ते श्रेय छायाचित्रणातील चमत्कृतीचे नाही, मंदाकिनींचे आहे.