काळ शांत कुणासाठी?

विज्ञानकथा म्हटलं की आपल्यातले बरेच कार्यकर्ते नाक मुरडतात. पोट भरलेल्यांची करमणूक, म्हणतात. पुष्कळदा ते खरंही असतं. पण आयझॅक असिमॉव्हची १९५५ सालची 'द एंड ऑफ इटर्निटी' ही कादंबरी त्यात ढकलू नका. व्यवस्था कशी चालते ते ह्या माणसानं मशीन उघडून दाखवावं तसं दाखवलंय.

गोष्ट अशी. काळाच्या बाहेर एक संघटना आहे, इटर्निटी. तिची माणसं एका शतकातून दुसऱ्या शतकात ये-जा करतात. काम काय, तर काळ बिथरला, कुठं युद्ध पेटणार असलं, की त्याला शांत करायचं. फौज पाठवायची नाही. कमीत कमी ढवळायचं आणि पाहिजे तो परिणाम जास्तीत जास्त काढायचा, ही त्यांची विद्या. हिशेबवाले हिशेब मांडतात, वरचं मंडळ मंजुरी देतं, आणि टेक्निशियन जाऊन हात लावतो. नायक अँड्र्यू हार्लन हा असाच टेक्निशियन. २२३ व्या शतकात तो एका गाडीच्या क्लचमध्ये गडबड करून ठेवतो. त्यामुळं एक तरुण यंत्रशास्त्राच्या व्याख्यानाला पोचत नाही. तो मग सूर्यशक्तीच्या यंत्रविद्येकडं वळतच नाही. एक साधं यंत्र निघायला दहा वर्षं उशीर होतो. आणि २२४ व्या शतकातलं एक युद्धच पुसलं जातं.

युद्ध टळलं, मग वाईट काय झालं? हा प्रश्न खरा आहे, त्याला बगल देऊन चालणार नाही. मरणारी माणसं वाचली, हे कबूल. पण त्या पोराला कुणी विचारलं? पाहिजे तो परिणाम म्हणजे कुणाला पाहिजे तो?

व्याख्यान होऊ न देणं म्हणजे काय, हे आपल्याला ठाऊक आहे. १९३६ साली लाहोरच्या जातपात तोडक मंडळानं बाबासाहेबांना भाषणाला बोलावलं. छापलेलं भाषण आधी वाचून मजकूर बदला म्हणाले. बाबासाहेब बदलेनात, तेव्हा परिषदच रद्द केली. बाबासाहेबांनी ते भाषण स्वतः प्रसिद्ध केलं, कारण अडवणारा कोण ते समोर दिसत होतं. कादंबरीतल्या पोराला आपल्याला अडवलंय हेच कळायची सोय नाही. गाडी बिघडली, नशीब, एवढंच त्याच्या हाती उरतं. दिसणाऱ्या अन्यायाशी भांडता येतं. नशीब म्हणून दाराशी आणून ठेवलेल्या अन्यायाशी भांडायचं तर मूठ उगारायची कुणावर? कादंबरीतली ही सगळ्यात भयंकर गोष्ट, आणि ती एकाही रक्ताच्या थेंबाशिवाय घडते.

दुसरं बळ हार्लनच्या चित्रणात आहे. टेक्निशियनच्या खांद्यावरची लालसर खूण दिसली की संघटनेतलेच लोक अंग चोरतात, बोलणं टाळतात. हिशेब दुसऱ्याचा, मंजुरी दुसऱ्याची, पण हात ह्याचा म्हणून विटाळ ह्याला. असिमॉव्हच्या डोळ्यापुढं आपली जातव्यवस्था होती असा माझा दावा नाही. पण नको असलेलं काम एकाच्या गळ्यात बांधायचं आणि मग त्यालाच नकोसा करायचं, ही रीत त्यानं नेमकी पकडलीय. म्हणून हार्लनला आपला भाऊ समजायची घाई मात्र करू नका. त्याला हुद्द्याचा ताठा आहे आणि लोकांची आयुष्यं पुसायची ताकदही त्याच्या हातात आहे. वाळीत पडलेला माणूस दुसऱ्याच्या मुळावर येतो, हेही लेखकानं लपवलेलं नाही.

कमजोरी शेवटात आहे. दूरच्या भविष्यातून आलेली नॉइस त्याला सांगते की धोका टाळता टाळता तुम्ही अंतराळप्रवासही पुसत गेलात. माणूस पृथ्वीवरच अडकला, खचला, संपला. दुखणं काढताना जोरही काढून घेतला. हे निदान मला पटतं. पण इटर्निटी मोडायची की नाही हे ठरवतात कोण? एका गुहेत बसलेला एक पुरुष आणि एक बाई! संघटनेत बायका जवळपास नाहीतच. त्यांना काळातून उचललं तर हिशेब फार बिघडतो, असं कारण दिलंय. आणि काळात राहणारी, शतकांनी पसरलेली जनता? तिच्या तोंडी कुणीच निकाल दिलेला नाही. आधी तिला न विचारता काळ शांत केला, आता तिला न विचारता मोकळा केला. मोकळीक चांगलीच, पण तीही वरून आलेली.

मित्रांनो, कादंबरी मिळवा, वाचा, तिच्याशी भांडा. क्लच बिघडलेल्या गाडीतल्या पोराच्या बाजूनं ही गोष्ट असिमॉव्हनं लिहिली नाही. ती लिहायचं काम शिल्लक आहे, आणि ते आपल्याला जमण्यासारखं आहे.